बांधावरचा ताड आणि फाटकावरचा पाहुणा

मुरबाडहून सरळगावकडे निघालात किंवा शहापूरहून किन्हवलीच्या रस्त्याला लागलात, तर एकदा गाडीचा वेग कमी करून दोन्ही अंगांना बघा. पूर्वी जिथे भाताची खाचरे आणि गवताचे माळ होते, तिथे आता थोड्याथोड्या अंतरावर लोखंडी फाटके दिसतात. फाटकावर बंगल्याचे नाव, आत हिरवळ, आणि फाटकाच्या डाव्या-उजव्या हाताला एकेक ठेंगणे झाड. खोड कमरेएवढेही नाही, पण पाने हातपंख्यासारखी पसरलेली आणि रंग असा, की कोणी राख फासून ठेवली आहे. निळसर, रुपेरी. झाड देखणे आहे, नाही म्हणून चालणार नाही. रखवालदाराला विचारले तर तो सांगेल, "बिस्मार्क पाम हाय, दादा. लय महाग झाड हाय, हात नका लावू."

आता त्याच फाटकासमोर उभे राहून जरा आठवा. इथे पूर्वी काय होते? मला आठवते ते सांगतो. आमच्या नेहमीच्या वाटेवर एका बांधावर चार ताड होते. तीन माद्या, एक नर. नरावर सुगरणींची घरटी लोंबत असायची आणि माद्यांचे ताडगोळे वैशाखात रस्त्याकडेला टोपलीत यायचे. ती जमीन विकली गेली. प्लॉट पाडले. जेसीबी आला आणि दुपारपर्यंत चारपैकी दोन ताड आडवे झाले. आज तिथे फाटक आहे आणि फाटकाशी दोन निळे पाम आहेत. दोन गेले, दोन आले, म्हणजे हिशेब बरोबर झाला, असे प्लॉटवाला म्हणेल. हा हिशेब बरोबर नाही, एवढेच आज तुम्हाला सांगायचे आहे.

पाहुणा कुठला, कोणाचा?

आधी पाहुण्याची चौकशी करू. आपल्या पद्धतीत घरी आलेल्याला गाव विचारल्याशिवाय पाणी देत नाहीत. या झाडाचे शास्त्रीय नाव बिस्मार्किया नोबिलिस. १८८१ साली जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञांनी ते जगापुढे आणले आणि त्या वेळचा जर्मनीचा सर्वेसर्वा बिस्मार्क याचे नाव त्याला दिले. पण झाड जर्मनीचे नव्हे. ते आफ्रिकेच्या पूर्वेला हिंदी महासागरात असलेल्या मादागास्कर बेटाचे आहे. जगात दुसरीकडे कुठेही ते आपणहून उगवत नाही.

मादागास्करची रचना आपल्याला समजायला सोपी आहे. बेटाच्या पूर्व अंगाला डोंगराची रांग आहे. समुद्रावरून येणारे वारे तिथे पाऊस टाकतात आणि पश्चिमेची बाजू कोरडी राहते. आपला सह्याद्री इकडे कोकणात पाऊस पाडतो आणि पलीकडे देशावर टंचाई ठेवतो, तसलाच प्रकार, फक्त बाजू उलटी. त्या कोरड्या पश्चिमेच्या आणि उत्तरेच्या गवताळ माळांवर हे झाड उभे असते. तिथले लोक गुरांना कोवळे गवत मिळावे म्हणून माळ पेटवतात. वणव्यात बाकीची झाडे जळतात, हे टिकते. तिथे त्याला बिस्मार्क कोणी म्हणत नाही, सात्राना म्हणतात. त्याच्या पानांनी घरे शाकारतात, टोपल्या विणतात, खोड चिरून भिंतीच्या फळ्या करतात. खोडातल्या गराचा कडसर साबुदाणाही काढतात.

म्हणजे काय, तर आपल्याकडे बंगल्याची शान असलेले हे झाड त्याच्या गावी गरिबाच्या घराचे छप्पर आहे. आणि आणखी एक गंमत. वनस्पतिशास्त्राच्या वंशावळीत हा सात्राना आणि आपला ताड एकाच कुळीतले, लांबचे चुलतभाऊ. दोघांची पाने पंख्यासारखी, दोघांत नर-मादी वेगळी, दोघे कोरडीत तग धरणारे, दोघांनाही मुळे दुखावलेली खपत नाहीत. फरक एवढाच, की पाहुण्याचे फळ खाण्याच्या कामाचे नाही आणि आपल्या ताडाचे फळ मुंबईच्या बाजारात डझनावर विकले जाते. घरचा भाऊ उपटून लांबच्या चुलतभावाला ओसरीवर बसवायचा, हा कोणता न्याय?

पाहुण्यावर माझा राग नाही. ज्याने स्वतःच्या पैशाने जमीन घेतली, त्याने कोणते झाड लावावे हे सांगणारे आपण कोण? प्रश्न आपल्या बांधाचा आहे. विकताना, नांगरताना, बंगल्याचा रस्ता काढताना ताडाची किंमत आपणच शून्य धरतो. विकत घेणाऱ्याने ती धरावी, अशी अपेक्षा मग कशी करायची?

ताड काय देत होता

चाळिशीच्या आतल्या वाचकांना हे सांगावे लागेल. मादी ताडाला घड धरतात. कोवळ्या फळात बहुधा तीन डोळे, तीन गोळे. चांगल्या झाडाला वर्षाला शंभराच्या वर फळे लागणे हे नवलाचे नाही. एप्रिल-मे महिन्यात, म्हणजे भाताचे पैसे संपलेले आणि पावसाळ्याचा खर्च समोर उभा, नेमके तेव्हा हे पीक हाती येते. त्याला बियाणे नको, खत नको, फवारणी नको. भातसा आणि तानसा धरणांचे पाणी मुंबईला जाते आणि शहापूरच्या पाड्यांवर उन्हाळ्यात टँकरची वाट बघावी लागते, हे आपले जुने दुखणे आहे. त्या दिवसांत घोटभर पाणी न मागता पीक देणारे झाड म्हणजे ताड.

नराला फळ नसते, पण त्याच्या फुलोऱ्यातून रस गळतो. मादीचाही काढता येतो. सूर्योदयापूर्वी उतरवलेला, आतून चुना लावलेल्या मडक्यातला गोड रस ती निरा. तीच उन्हात राहिली की आंबते आणि ताडी होते. निरा आटवली की गूळ. साधारण सात ते दहा लिटर निरेला किलोभर गूळ पडतो. पानांनी झोपड्या शाकारल्या जात, पंखे आणि चटया होत, आणि कागद नव्हता तेव्हा पोथ्या त्याच पानांवर लिहिल्या गेल्या. जुन्या ताडाच्या खोडाचे वासे पिढ्यान्‌पिढ्या टिकत. खोड उभे चिरून, पोखरून शेतात पाण्याची पन्हळ होई. ओढ्यावर आडवे टाकले की साकव. आज पावसाळ्यात घरावर, भाताच्या उडव्यावर आपण जी टाकतो तिला ताडपत्रीच म्हणतो. नाव ताडाचे, माल प्लास्टिकचा.

त्यावर राहणारेही आहेत. सुगरण तर सगळ्यांना माहीत. ताड पाकोळी नावाचा चिमणीपेक्षा लहान पक्षी पंख्याच्या पानाच्या खालच्या अंगाला पिसे चिकटवून घरटे करतो. ताड गेला की तोही गेला.

मग पत कशी गेली?

इतके देणारे झाड नजरेतून उतरले ते आपोआप नव्हे. त्याला इतिहास आहे. १८७८ साली मुंबई इलाख्यात अबकारी कायदा आला. झाड रयतेच्या बांधावर, पण रस काढायचा तर सरकारात झाडागणिक कर भरायचा. इंग्रज अंमलदार ताडाला ब्रॅब म्हणत. पोर्तुगीजांनी त्याला रानटी म्हटले, त्या शब्दाचा तो अपभ्रंश. रानटी म्हणायचे आणि कर मात्र मोजून घ्यायचा! किनाऱ्यावरचा भंडारी आणि डोंगरातला आदिवासी दोघेही त्या कराखाली दबले. झाड आपले, रस सरकारचा, नफा गुत्तेदाराचा, असा कारभार झाला.

पुढे स्वराज्य आले आणि १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा आला. त्याचा हेतू चांगला होता. दारूने आपल्या पाड्यांचे काय केले ते मी सांगायला नको. त्या घरांतल्या बायकांना विचारा. पण त्या कायद्यात ताडी आणि निरा दोन्ही परवान्याखाली आल्या. परवान्याशिवाय झाडाला छेद द्यायचा नाही. परिणाम असा झाला, की सरळमार्गी माणसाने झाडाचा नाद सोडला. नंतर शहरांतल्या दुकानांतून क्लोरल हायड्रेटसारखी पावडर घालून केलेली बनावट ताडी विकली जाऊ लागली. अशी भेसळ राज्यात अनेकदा पकडली गेली आहे. तिच्यात ताडाचा थेंबभर रस असेल-नसेल, बदनामी मात्र ताडाची झाली. आज एखादा सरपंच ग्रामसभेत "ताड लावू या" म्हणाला तर मागून कोणीतरी हसणारच. हसणाऱ्याच्या डोक्यात ताडी असते. ताडगोळा, गूळ, वासा, पन्हळ त्याला आठवत नाही.

त्यातच घरावर स्लॅब आला, वाशांची गरज संपली. गावागावांत जमिनीचे दलाल फिरू लागले. नागपूर-मुंबई समृद्धी महामार्ग शहापूर तालुक्यातून गेला. इगतपुरी ते आमणे हा त्याचा शेवटचा ७६ किलोमीटरचा टप्पा ५ जून २०२५ रोजी खुला झाला आणि ७०१ किलोमीटरचा रस्ता पूर्ण झाला. रस्ता झाला ते बरे झाले. पण रस्त्याबरोबर जमिनीला भाव आला आणि जमिनीवर उभे असलेल्या झाडाला कोणी विचारेनासे झाले.

"झाड हाय, चढणारा नाय"

इथे तुम्ही मला अडवाल. म्हणाल, "काका, ताडाचे गुणगान पुरे. चढणार कोण?" प्रश्न खरा आहे आणि तो टाळून ताडावर लिहिणे म्हणजे लबाडी.

दोन वर्षांपूर्वी मी एका कातकरी वाडीतल्या चढणाऱ्याशी बोललो. वय साठीच्या पुढे. छातीला ताडाच्या खोडाने घासून घासून घट्टा पडलेला. मी विचारले, "मुलगा चढतो का?" तो म्हणाला, "नाय दादा. मीच नको सांगलाय. मी दोनदा पडलो, वाचलो. त्याला वीटभट्टीवर पैसं कमी मिळतील, पन पाय तरी साबूत ऱ्हातील. झाड हाय, चढणारा नाय, आसं लोक बोलतात. चढणारा हाय वो, त्याला इचारतो कोन?"

त्याच्या बोलण्याचा हिशेब मांडू. बागायतदार किंवा व्यापारी झाड उक्ते घेतो. मालकाला झाडामागे ठरलेली रक्कम देतो. चढणाऱ्याला दिवसाची मजुरी किंवा घडामागे काहीतरी मिळते. जोखीम सगळी चढणाऱ्याची. ताड साठ-सत्तर फूट सहज जातो. वरून पडलेला माणूस वाचलाच तर जन्माचा अधू होतो.

आता सरकारी सोय बघा. गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजना २०२३ पासून लागू आहे. अपघाती मृत्यूला दोन लाख रुपये मिळतात. उंचावरून पडणे त्यात बसते, वीज पडणेही बसते. पण ती मिळते सातबाऱ्यावर नाव असलेल्या शेतकऱ्याला आणि त्याच्या कुटुंबातल्या एका व्यक्तीला. म्हणजे झाडाचा मालक, जो कधीच झाडावर चढत नाही, त्याला संरक्षण आहे. आणि जो चढतो तो भूमिहीन कातकरी किंवा ठाकर, त्याला नाही. हा उफराटा न्याय ज्यांच्या लक्षात यायला हवा ते ग्रामसेवक, कृषी सहायक, तलाठी हे पान वाचतात, म्हणून मुद्दाम लिहितो. चढणाऱ्याचा अपघात विमा ग्रामपंचायतीने किंवा झाड उक्ते घेणाऱ्या व्यापाऱ्याने उतरवला पाहिजे. व्यवहार ठरवताना मालकाने ही अट घातली तर व्यापारी नाही म्हणणार नाही. माल त्यालाही हवाच असतो.

डहाणूला जे आहे ते इथे का नाही?

चढण्याचे आणि रस काढण्याचे शिक्षण कुठे मिळते? फार लांब नाही. १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर वेगळा जिल्हा होईपर्यंत जे डहाणू आपल्याच ठाणे जिल्ह्यात होते, तिथे खादी आणि ग्रामोद्योग आयोगाचे प्रशिक्षण केंद्र आहे. त्याला गजानन नाईक यांचे नाव आहे. गांधीजींच्या ग्रामोद्योगाच्या कामातून पुढे आलेल्या या माणसाने ताडगुळासाठी आयुष्य घातले. जून २०२१ मध्ये त्याच डहाणूत आयोगाने २०० कारागिरांना सात दिवसांचे शिक्षण देऊन निरा काढण्याच्या आणि गूळ करण्याच्या साहित्याचे संच वाटले. महाराष्ट्रात ५० लाखांहून अधिक ताडवर्गीय झाडे आहेत, असा आकडा आयोगाने त्या वेळी दिला होता.

डहाणूला झाडे दाट आहेत, आपल्याकडे विरळ, हे कबूल. म्हणून उद्या सकाळी मुरबाडात ताडगुळाचा कारखाना काढा, असे मी म्हणत नाही. निरा काही तासांत आंबते. तिला थंड ठेवायची सोय हवी, परवाना हवा, एकत्र पुरेशी झाडे हवीत. ते नसताना निरेचे स्वप्न दाखवणे म्हणजे शेतकऱ्याला पुन्हा कर्जात लोटणे. पण ताडगोळ्याला यातले काही लागत नाही. आपल्याकडून कल्याण-ठाण्याची बाजारपेठ दोन तासांवर आहे. दहा-बारा मुले डहाणूला पाठवून शिकवून आणायची, पट्टा आणि दोर नीट वापरायला शिकवायचे, आणि गावच्या सगळ्या माद्यांचा माल बचत गटाने एकत्र विकायचा. एवढे तर जमेल?

दुसऱ्या राज्यांनी काय केले ते बघा. तमिळनाडूत ताड हा राज्यवृक्ष आहे. २०२१ च्या तिथल्या कृषी अंदाजपत्रकात ताडाच्या ७६ लाख बिया आणि एक लाख रोपे वाटण्याचे ठरले आणि जिल्हाधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय ताड तोडायला बंदी आली. ओडिशात विजेने फार माणसे मरतात. उंच ताड वीज स्वतःवर घेतो, असे शेतकऱ्यांचे जुने निरीक्षण. २०२४ मध्ये तिथल्या सरकारने सुमारे १९ लाख ताड लावायचे ठरवले आणि असलेले ताड तोडायला मनाई केली. बांगलादेशानेही विजेसाठीच असा मोठा कार्यक्रम हाती घेतला होता. पण लावलेली पुष्कळ रोपे निगेअभावी मेली, ताड उंच व्हायला वर्षे लागतात हे ध्यानात आले आणि २०२२ मध्ये तो सोडून दिला. यातून दोन धडे घ्यायचे. एक, नवीन लावण्यापेक्षा उभा असलेला ताड वाचवणे शतपटीने स्वस्त. दोन, लावले तर राखले पाहिजे. आणि जाता जाता बजावतो: ताड वीज घेतो म्हणून विजा चमकताना त्याच्या बुंध्याशी उभे राहू नका. भरवशाची जागा म्हणजे पक्के घर.

कायदा काय म्हणतो

आपल्याकडे झाडे तोडण्याविषयी १९६४ चा कायदा आहे. त्याच्या यादीत साग, खैर, मोह, आंबा, फणस, चिंच, हिरडा, जांभूळ अशी झाडे आहेत. ती तोडायची तर परवानगी लागते. ताड त्या यादीत नाही. म्हणून जेसीबीवाल्याला कोणी अडवत नाही. यादी बदलणे सरकारच्या हाती, पण तोवर आपण हात बांधून बसायचे कारण नाही.

शहापूर तालुका पूर्ण आणि मुरबाडचा काही भाग अनुसूचित क्षेत्रात येतो. १९९६ च्या पेसा कायद्याने तिथल्या ग्रामसभेला गावच्या साधनसंपत्तीबद्दल बोलण्याचा आणि ठरवण्याचा अधिकार दिला आहे. गायरानातले, गावठाणातले, ओढ्याकाठचे ताड ग्रामसभेच्या ठरावाशिवाय तुटणार नाहीत, असे ठरवता येते. प्रत्येक ग्रामपंचायतीत २००२ च्या कायद्याप्रमाणे जैवविविधता समिती आणि लोक जैवविविधता नोंदवही असायला हवी. ती कुठे आहे, हे सरपंचांनी कपाट उघडून बघावे. बहुतेक ठिकाणी ती एकदा लिहून ठेवून दिलेली असते. त्यात गावचे ताड मोजून लिहा: किती, कोणाच्या बांधावर, नर किती, मादी किती.

खाजगी बांधावरच्या झाडांचीही सोय आहे. ई-पीक पाहणीच्या मोबाइल ॲपमध्ये बांधावरची झाडे नोंदवता येतात. आपण भात नोंदवतो आणि ॲप बंद करतो. दोन मिनिटे जास्त खर्च करा आणि ताड नोंदवा. उद्या रस्त्यासाठी, कालव्यासाठी जमीन गेली तर जमिनीवरच्या झाडांची किंमत वेगळी धरतात. पण कागदावर झाडच नसेल तर मोजणी झाल्यावर भांडून उपयोग होत नाही.

जमीन विकणाऱ्यांना हात जोडून सांगणे आहे. विकू नका, असे म्हणणार नाही. मुलीचे लग्न, दवाखाना, कर्ज, प्रत्येकाची अडचण त्यालाच माहीत. पण विकताना घेणाऱ्याला बांधावर घेऊन जा आणि झाड दाखवून सांगा: "साहेब, हा ताड माझ्या आजाच्या वेळचा आहे. फाटक चार हात इकडे घ्या, पण याला हात लावू नका." शहरातला माणूस वाईट नसतो, त्याला माहीत नसते. नर्सरीतून महागाचे झाड आणून फाटकाशी लावणाऱ्याला साठ फुटांचा, सुगरणीच्या घरट्यांसकट तयार ताड फुकट मिळतो आहे, हे कोणीतरी त्याला सांगायला हवे. त्याचा निळा पाम आणि आपला काळा ताड शेजारी-शेजारी उभे राहिले तर बिघडले कुठे? चुलतभाऊच ते.

बी टाकायची कशी

शेवटी कामाचे बोलू. ताडाचे रोप पिशवीत करून लावण्याच्या भानगडीत पडू नका. बी रुजली की आधी खाली जाते. कोंब जमिनीत खोल शिरतो, मग वर पान येते. मूळ तुटले की झाड गेले. म्हणून बी जागेवरच टाकायची. पावसाळ्यात झाडाखाली पिकून पडलेली, नारिंगी गराची फळे गोळा करा. गर कुजू द्या, बिया मोकळ्या करा आणि बांधावर दहा-बारा फुटांवर एकेक बी वीतभर खोल पुरा. खुणेला काठी रोवा. काठी महत्त्वाची, कारण पहिले पान गवताच्या पात्यासारखे निघते आणि बेणणी करताना आपल्याच घरचा माणूस ते उपटून टाकतो. रानडुकरे कोंब उकरतात, त्यावर काटेरी फांद्या टाका. फाल्गुन-चैत्रात वणव्यापासून राखायला भोवतीचे गवत कापून ठेवा. पहिली काही वर्षे खोड दिसतच नाही. घाबरू नका, ते खाली जोर धरत असते.

नर की मादी हे फुलोरा येईपर्यंत कळत नाही. त्यामुळे दहा टाकल्या तर निम्म्या नर निघतील असे धरून चाला. फुलोऱ्याला बारा-पंधरा वर्षे, कधी वीस. तुम्ही म्हणाल, एवढी वर्षे कोण थांबणार? ज्या ताडाचे गोळे तुम्ही लहानपणी खाल्लेत, तो तुम्ही लावला होता का? ज्याने लावला त्याने खाल्ले की नाही, कोणास ठाऊक. त्याने हा हिशेब केला असता तर तुमच्या तोंडी गोळा पडला नसता.

तेव्हा एवढे करा. या पावसाळ्याआधी तुमच्या बांधावरचे ताड मोजा. घरातल्या शाळकरी पोराला वही देऊन गावचे मोजायला लावा. शाळेच्या गुरुजींनी मनावर घेतले तर एका रविवारात गाव होईल. येत्या ग्रामसभेत तो आकडा वाचून दाखवा आणि सचिवांना ठरावात लिहायला सांगा. आणि वैशाखात ताडगोळे विकत घ्याल तेव्हा भाव करताना जरा हात आखडा. त्या टोपलीच्या मागे साठ फूट चढलेला एक माणूस असतो.